परदेशी इंजिन व्हॅनमध्ये बसवताना: आधी कागद, मग माप, मग पैसे

गोव्यात दर वर्षी पावसाळ्याच्या तोंडावर एखादा तरी व्हॅनवाला लाकडी पाटावर बांधलेलं इंजिन पिकअपमध्ये घालून गॅरेजच्या दारात उभा राहतो. "पात्रांव, इंजिन घेतलंय. परवापर्यंत बसवून दे." इंजिन बऱ्याचदा वाईट नसतं. पण त्याने आरटीओत विचारलेलं नसतं, चेंबर (इंजिनाखालची तेलाची टाकी) कुठल्या बाजूला खोल आहे ते पाहिलेलं नसतं आणि पैसे तर देऊन झालेले असतात. मग बेल (गिअर बॉक्सचं इंजिनाला जोडणारं तोंड) बसत नाही म्हणून घासाघाशी, माउंटिंग जुळत नाही म्हणून वेल्डिंग, आणि शेवटी पासिंगला इंजिन नंबर जुळत नाही म्हणून धावपळ.

हा लेख एका ठरावीक कामाबद्दल आहे. बजाज टेम्पोने मर्सिडीजच्या परवान्यावर बनवलेलं ओएम ६१६ हे २.४ लिटरचं डिझेल इंजिन जुन्या टेम्पो ट्रॅव्हलर आणि डिलिव्हरी व्हॅनमध्ये असायचं. त्याच जातीचं जर्मनीत बनलेलं इंजिन, म्हणजे मर्सिडीजच्या जुन्या कारमधून किंवा व्हॅनमधून निघालेलं, त्या गाडीत कसं बसवायचं ते इथे क्रमाने दिलं आहे. दुसऱ्या जातीचं जपानी इंजिन घालायचं मनात असेल तर पहिला टप्पा वाचून थांबा.

## टप्पा १: कागद

मोटार वाहन कायदा १९८८, कलम ५२. उत्पादकाने मूळ दिलेल्या तपशिलापेक्षा आरसीवरचा तपशील वेगळा पडेल असा बदल मालकाला करता येत नाही. सर्वोच्च न्यायालयानेही जानेवारी २०१९ मध्ये हेच ठासून सांगितलं. त्याच वर्षीच्या दुरुस्तीनंतर कलम १८२-अ खाली बेकायदा बदलाला मालकाला सहा महिन्यांपर्यंत कैद, किंवा प्रत्येक बदलामागे ५,००० रुपये दंड, किंवा दोन्ही होऊ शकतात. म्हणजे टोयोटाचं किंवा इसुझूचं इंजिन टेम्पोत बसवून "चालतंय की" म्हणणाऱ्यांचं चालतंय ते फक्त कोणी बॉनेट उघडेपर्यंत. अपघात झाला की विमा कंपनी पहिल्यांदा बॉनेटच उघडते.

त्याच जातीचं इंजिन बदलणं ही वेगळी गोष्ट, पण तिलाही नोंदणी अधिकाऱ्याची मंजुरी लागते. दहा किंवा त्याहून जास्त व्यावसायिक गाड्या असलेल्या मालकाला त्याच मेकचं आणि त्याच प्रकारचं इंजिन मंजुरीशिवाय बदलू देण्याची मुभा राज्य सरकार अधिसूचना काढून देऊ शकतं. एकदोन व्हॅनच्या धन्याने त्या कलमाकडे बघू नये.

इथे एक मेख आहे. आरसीवर मेक बजाज टेम्पो आणि तुमच्या हातातलं इंजिन मर्सिडीजचं. आपल्याला दोन्ही ६१६ दिसतात, पण अधिकाऱ्याला ते एकच वाटेल असं गृहीत धरू नका. म्हणून इंजिन घेण्याआधी, गाडी जिथे नोंदलेली आहे त्या कार्यालयात (जीए-०४ डिचोली, जीए-०५ फोंडा, जीए-०७ पणजी, जे असेल ते) लेखी अर्ज करा आणि उत्तरही लेखी घ्या. काउंटरवरच्या माणसाने मान हलवली, याला उत्तर म्हणत नाहीत.

अर्जाबरोबर आणि नंतर लागणारं:

- आरसी, विमा, पासिंग आणि पीयूसी, सगळं चालू मुदतीतलं
- गाडीवर कर्ज असेल तर बँकेचं संमतीपत्र
- इंजिन नंबर लिहिलेलं जीएसटीचं पक्कं बिल
- आयात केलेलं असेल तर विक्रेत्याकडून बिल ऑफ एंट्रीची (कस्टमच्या आयात कागदाची) प्रत
- इंजिन नंबराचा फोटो आणि पेन्सिलने घासून घेतलेला ठसा

इशारा: इंजिन बदलल्यावर १४ दिवसांत नोंदणी कार्यालयाला कळवावं लागतं. तारीख गॅरेजच्या बिलावर येते, तेव्हा बिलाची तारीख आणि अर्जाची तारीख एकमेकींशी भांडणार नाहीत हे बघा.

## टप्पा २: इंजिन बघायला जाताना

खिशात फिलर गेज (फट मोजायच्या पातळ पट्ट्या), टॉर्च, २७ चा गोटी पाना, वायर ब्रश आणि मेजरिंग टेप. शिवाय आपल्या गाडीच्या इंजिनाचे चारही बाजूंचे फोटो. हे फोटो न नेणारे लोक परत येऊन मला विचारतात, "चेंबर पुढून खोल होता की मागून हो?"

आधी नंबर. ब्लॉकवर कोरलेला असतो, ६१६ ने सुरू होतो. वायर ब्रशने साफ करून वाचा. जागा घासलेली असेल, आकड्यांची खोली कमीजास्त वाटत असेल किंवा वर ताजा रंग मारलेला असेल, तर चहा प्या आणि परत या. इंजिन कितीही गोड वाजत असलं तरी.

मग क्रँक पुलीच्या नटाला २७ चा पाना लावून घड्याळाच्या काट्याच्या दिशेने हाताने दोन पूर्ण फेरे द्या. उलटं फिरवू नका, आणि कॅमच्या बोल्टाला पाना लावून तर मुळीच नको. कुठे अडकलं, खरखरलं तर आत गंज आहे. कंटेनरमधून समुद्रावरून आलेल्या इंजिनाचं इनलेट-एक्झॉस्टचं तोंड बंद केलेलं नसेल तर सिलिंडरमध्ये ओल शिरलेली असते. टॅपेट कव्हर उघडून कॅमचे लोब (व्हॉल्व्ह उघडणारे उंचवटे) बघा. तेलाचा रंग काळा असतोच, त्याचं काही नाही. पण कव्हराच्या आतल्या बाजूला दुधाळ साय असेल तर पाणी आणि तेल एकत्र झालेलं आहे.

कंप्रेशन (सिलिंडरमध्ये हवा दाबली जाते तो दाब) मोजल्याशिवाय पैसे देऊ नका. सेल्फ आणि बॅटरी जोडून देणं हे विक्रेत्याचं काम. चांगल्या ६१६ ला २० बारच्या वर येतं. १५ च्या खाली गेलेलं घेऊ नका. आणि चार सिलिंडरांत ३ बारपेक्षा जास्त फरक असेल तर एकेक सिलिंडर वेगळा बघून चांगलं वाटणारं इंजिनही सोडून द्या.

मुंबईत कुर्ल्याला किंवा कुठेही घेतलंत तरी एक गोष्ट विचारा: हे ऑटोमॅटिक गिअरच्या गाडीतलं आहे का? असेल तर फ्लायव्हीलच्या (क्रँकमागच्या जड चाकाच्या) जागी पातळ चकती असते आणि क्रँकच्या टोकाला पायलट बेअरिंग (गिअर बॉक्सच्या शाफ्टचं टोक बसतं ते) नसतं. काम अडत नाही, पण खर्च वाढतो, तेव्हा भाव करताना हा मुद्दा हातात हवा.

तपासा: नंबर वाचता येतो. दोन फेरे सहज फिरलं. चारही कंप्रेशन कागदावर लिहिलेली आहेत आणि त्यावर विक्रेत्याची सही आहे.

## टप्पा ३: जुनं इंजिन उतरवणं

मासळीची व्हॅन असेल तर १ जून ते ३१ जुलै या मासेमारी बंदीच्या दिवसांत काम काढा. गाडी तशीही उभीच असते. छप्पर मात्र पक्कं हवं. इतरांनी चतुर्थीच्या आधीचे तीन आठवडे टाळावेत, कारण तेव्हा लेथवाला, वेल्डर, स्पेअरवाला कोणीच वेळेवर भेटत नाही.

इंजिन दोनशे किलोच्या घरातलं आहे. एक टनाची चेन कप्पी आणि लोखंडी आडवा बीम लागतो. आंब्याच्या फांदीला कप्पी बांधून इंजिन उचलणारे मी पाहिलेत. फांदी मोडली नाही, पण ती वाकली तेवढ्यात इंजिन झुललं आणि गाडीच्या पुढच्या पत्र्याला पोचा पाडून गेलं. पत्र्याच्या जागी माणूस असू शकला असता.

क्रम असा: बॅटरीची अर्थ सोडा, पाणी काढा, तेल काढा, डिझेलचे पाइप सोडून तोंडं बांधा, समोरचं ग्रील आणि रेडिएटर काढा, सायलेन्सरचा पहिला पाइप सोडा, जॉइंट शाफ्ट (गिअर बॉक्सपासून मागच्या चाकांकडे जाणारा) काढा, गिअर बॉक्स खालून उतरवा आणि मगच इंजिन पुढून ओढा. ट्रॅव्हलरचं नाक छोटं, इंजिनाचा मागचा भाग केबिनमध्ये घुसलेला. गिअर बॉक्ससकट एकदम काढायला गेलात तर मागचा निम्मा भाग तिथेच अडकतो.

प्रत्येक वायरला चिकटपट्टी आणि त्यावर नाव. मोबाइलचे फोटो हवेतच, पण पंधरा दिवसांनी फोटोत सगळ्या वायरी सारख्याच काळ्या दिसतात.

इंजिन बाहेर आल्यावर रिकाम्या जागेत टॉर्च घेऊन आडवे व्हा. पणजीजवळच्या मालीमच्या मासळी जेटीवर फिरणाऱ्या व्हॅनच्या चेसिसला बर्फाचं खारं पाणी वर्षानुवर्षं चाटत असतं. माउंटिंग बसतात त्या क्रॉस मेंबरवर (चेसिसच्या आडव्या पट्टीवर) हातोडीने हलके ठोका. खणखणीत वाजलं तर ठीक. बद्द वाजलं, पापुद्रे पडले तर आत्ताच दुरुस्त करून घ्या. नवं इंजिन गंजक्या पत्र्यावर ठेवण्यात शहाणपण नाही.

## टप्पा ४: दोन्ही इंजिनं शेजारी शेजारी

कामाचा गाभा हाच, आणि लोक नेमका हाच टप्पा गाळतात. दोन्ही इंजिनं एकाच तोंडाने दोन टेबलांवर ठेवा. बाहेरून आणलेल्या इंजिनाचं आपल्याला काय हवं? ब्लॉक, क्रँक, पिस्टन आणि हेड. अंगावरचं बाकी सगळं आपल्या व्हॅनचंच राहणार. "नवीन आलंय तर तेच ठेवूया" हा मोह आवरा.

चेंबर आणि डिपस्टिक. कारचं चेंबर व्हॅनच्या क्रॉस मेंबरला आपटतं. व्हॅनचं चेंबर काढून बसवा, पण त्याबरोबर तेल खेचणारी नळीही व्हॅनचीच लावा. नाहीतर नळी तळापासून वर राहते आणि चढावर ऑइल प्रेशर जातं. डिपस्टिक चेंबरच्या जोडीची असते. कारची डिपस्टिक व्हॅनच्या चेंबरला लावली की तेल "फुल" दिसतं आणि आत दीड लिटर कमी किंवा जास्त असतं. ही चूक इतकी शांत असते की बेअरिंग वाजेपर्यंत कळत नाही.

फ्लायव्हील. इथे मी स्वतः मार खाल्लाय. मर्सिडीजचा क्रँक आणि त्याचं फ्लायव्हील एकत्र बॅलन्स केलेलं असतं. मी व्हॅनचं फ्लायव्हील उचललं आणि परदेशी क्रँकला लावलं. भोकं जुळली, गाडी सुरू झाली, सगळे खूश. साठच्या वेगाला गिअरचा दांडा असा थरथरायला लागला की त्यावर ठेवलेली झेंडूची माळ दोन फेऱ्यांत पायात. तिसऱ्या दिवशी गिअर बॉक्स पुन्हा खाली. तेव्हा आलेल्या इंजिनाचं मूळ फ्लायव्हील किंवा चकती आणि तुमचं फ्लायव्हील, दोन्ही बॅलन्सिंगवाल्याकडे न्या आणि "इंजिनाबरोबर आलेल्याचं जसं आहे तसं माझ्या फ्लायव्हीलचं करून दे" असं सांगा. नुसतं "बॅलन्स कर" म्हणालात तर तो ते शून्यावर आणेल आणि थरथर तशीच राहील. बेळगाव-कोल्हापूरकडे पाठवायचं असेल तर त्याचे दिवस आधीच धरा. फ्लायव्हीलचे बोल्ट नवे घ्या. ते ताणले जाणारे बोल्ट असतात, एकदा ताणले की पुन्हा भरवशाचे नाहीत.

पायलट बेअरिंग. क्रँकच्या टोकाला आहे का, आणि तुमच्या गिअर बॉक्सच्या शाफ्टचं टोक त्यात हाताने सरकतं का? व्हर्निअरने मापा.

डिझेल पंप. व्हॅनचाच लावा. कारच्या जुन्या पंपांत काहींना व्हॅक्यूमवर चालणारा गव्हर्नर (डिझेल कमीजास्त करून वेग सांभाळणारा भाग) असतो. त्याला तुमच्या ॲक्सिलरेटरची जोडणी बसत नाही आणि ओझ्याखाली गाडी खेचतही नाही. पंप काढलेलाच आहे तर पंपवाल्याकडून टेस्ट बेंचवर बघून घ्या, चारही नोझल त्याच फेरीत. नोझलखालच्या पत्र्याच्या चकत्या नव्या.

टायमिंग चेन. कॅमची खूण जुळवा आणि क्रँक पुलीवर अंश वाचा. चारपाच अंशांपेक्षा जास्त मागे असेल तर चेन ताणली आहे, आत्ताच बदला. टेबलावर हे तासाभराचं काम आहे, गाडीत गेल्यावर दिवसाचं.

टॅपेट, म्हणजे व्हॉल्व्हची फट. थंड इंजिनात इनलेट ०.१० मि.मी., एक्झॉस्ट ०.३० मि.मी. गेज कॅम आणि रॉकरच्या मध्ये घालायचा. सिलिंडरांचा क्रम १-३-४-२. दोन १४ चे पाने लागतात.

राहिलं ते पटकन: माउंटिंगचे ब्रॅकेट व्हॅनचे, रबर नवे. मॅनिफोल्ड व्हॅनचा, नाहीतर पाइप स्टिअरिंगला घासतो. ऑइल प्रेशर आणि टेंपरेचरचे सेन्सर व्हॅनचे, आटे जुळतात का बघून. क्रँकची पुढची-मागची ऑइल सील आत्ताच नवी. पाण्याचा पंप हाताने फिरवून बघा, खळखळ आली तर बदला. सगळ्या पुल्या एका रेषेत आहेत का हे लांब पट्टी लावून बघा.

तपासा: जुन्या इंजिनावर आता न काढलेली एखादी वस्तू उरली आहे का? असेल तर ती तिथे का राहिली याचं उत्तर तोंडपाठ हवं.

## टप्पा ५: बसवणं

क्लच प्लेट मध्यावर आणायला जुन्या गिअर बॉक्सचा शाफ्ट मिळाला तर उत्तम. नाहीतर लेथवर लाकडाचा घ्या. प्रेशर प्लेटचे बोल्ट समोरासमोरचे, थोडे थोडे करून आवळा.

आधी इंजिन माउंटिंगवर टेकवा, बोल्ट हाताने लावा, आवळू नका. मग गिअर बॉक्स खालून जॅकवर चढवा. बेल आणि ब्लॉक यांच्यातली फट हाताच्या जोराने मिटली पाहिजे. बोटभर फट राहिली तर बोल्ट आवळून ओढू नका. क्लच प्लेट मध्यावर नाही किंवा पायलट बेअरिंगमध्ये टोक गेलेलं नाही. बोल्टाने ओढलं की बेलचा कान मोडतो नाहीतर प्लेटचा मधला भाग वाकतो. मोडलेला कान निदान दिसतो.

फट मिटली, बेलचे बोल्ट बसले, की मग माउंटिंग आवळा. सायलेन्सर सगळ्यात शेवटी, म्हणजे इंजिनाला तो खेचून धरणार नाही.

लांब दांडा घालून इंजिन डावीकडे-उजवीकडे हलवून बघा. पंखा रेडिएटरला लागतो का, पाइप स्टिअरिंगला लागतो का. चालत्या इंजिनात ते याहून जास्त हलतं.

## टप्पा ६: तेल, पाणी, वीज, डिझेल

तेल आणि पाणी भरा. अर्थची पट्टी नवी, तीही दोन: एक इंजिन ते चेसिस, दुसरी बॅटरी ते चेसिस. आपल्या दमट हवेत हिरवी पडलेली अर्थ पट्टी हे "सेल्फ उचलत नाही" या तक्रारीचं मूळ असतं आणि लोक बदलतात सेल्फ.

हीटर प्लग कुठल्या जातीचे आहेत ते बघा. जुन्या तारेच्या प्लगांत एक गेला की चारही बंद पडतात, कारण ते एका साखळीत असतात. पेन्सिलीसारख्या प्लगांत प्रत्येकाची वायर वेगळी. एका जातीच्या प्लगांना दुसऱ्या जातीची वायरिंग दिली की ते जळतात.

टाकीतलं जुनं डिझेल काढून टाका, तळाशी पाणी असतंच. फिल्टर नवा. पंपावरच्या हात पंपाने एअर काढा, बुडबुडे थांबेपर्यंत.

## टप्पा ७: पहिला स्टार्ट

सुरू कसं करायचं याआधी बंद कसं करायचं ते पक्कं करा. डिझेल इंजिन चावी फिरवून थांबेलच असं नाही. बंद करण्याची तार किंवा व्हॅक्यूमची नळी लागलेली आहे आणि पंपावरचा दांडा खरोखर हलतो, हे हाताने बघा. शिवाय एक माणूस प्लायवूडचा तुकडा घेऊन इनलेटच्या तोंडाशी उभा. इंजिन पळायला लागलं तर तोंड प्लायवूडने दाबायचं, हाताने नाही. माझ्याकडे हा प्रसंग एकदाच आला. पोराने प्लायवूड ठेवला आणि इंजिन दोन सेकंदांत गुदमरलं. प्लायवूड नसता तर काय, हे नंतर कोणी बोललं नाही.

1. बंद करण्याचा दांडा ओढून धरा आणि दहा दहा सेकंद सेल्फ मारा. ऑइल प्रेशरचा काटा हलेपर्यंत डिझेल द्यायचं नाही.
2. नोझलच्या पाइपांचे नट अर्धा फेरा सैल करा, सेल्फ मारा, डिझेल पाझरलं की आवळा.
3. हीटर देऊन सुरू करा. सुरू होताच काटा ३ बारकडे गेला पाहिजे. पाच सेकंदांत गेला नाही तर बंद.
4. आयडलवर ठेवा. रेडिएटरचं झाकण उघडं, पाणी खाली जाईल तसं भरा.
5. तेलाचं झाकण काढून उलटं ठेवा. हलकं थरथरलं तर चालेल. उडून पडलं तर कंप्रेशन मागे येतंय.

गाडी हलवण्याआधी: इंजिन बंद ठेवून ब्रेक पाच-सहा वेळा मारा, पेडल कडक होईल. पाय दाबूनच इंजिन सुरू करा. पेडल थोडं खाली गेलं तर व्हॅक्यूम पंप ब्रेकला जोर देतो आहे. नाही गेलं तर गाडी गॅरेजच्या बाहेर काढायची नाही.

डिझेल पंपाचं टायमिंग व्हॅनच्या कंपनीच्या पुस्तकातल्या आकड्यावर ठेवा. कारच्या ६१६ ला २४ अंश म्हणून सांगणारे भेटतील. तो आकडा कारचा आहे, पंप तुमचा व्हॅनचा.

## टप्पा ८: घाट आणि पासिंग

पहिले दोन दिवस रिकामी गाडी, सपाट रस्ता. मग केरीहून चोर्ला घाट, आधी रिकामी, दुसऱ्या दिवशी अर्ध्या मालाची. घाट टाळून पणजी-फोंडा फिरलेल्या गाडीचं पाणी तापतं की नाही हे कळतच नाही. वर पोचल्यावर बाजूला घ्या, खाली पुठ्ठा सरकवा, दहा मिनिटं थांबा. पुठ्ठ्यावर काय आणि कुठे पडलं ते बघा. बेलच्या खाली तेल असेल तर मागची सील.

पीयूसीला धूर मोजतात तेव्हा इंजिन गरम हवं. बीएस-४ च्या आधीच्या डिझेल गाडीला ६५ हार्ट्रिज युनिटची (धुराची दाटी मोजायचं एकक) मर्यादा आहे. थंड इंजिन घेऊन गेलात तर चांगलं इंजिनही नापास होतं. काळा धूर जास्त येत असेल तर एअर फिल्टर आणि नोझल बघा, पंपाचा स्क्रू कमी करून आकडा आणू नका. चढावर मालासकट तो स्क्रू आठवेल.

५०० किलोमीटरला तेल आणि फिल्टर बदला, टॅपेट पुन्हा बघा, माउंटिंग आणि बेलचे बोल्ट पुन्हा आवळा. जुनं इंजिन मंजुरी हातात येईपर्यंत भंगारात देऊ नका, कारण अधिकारी ते दाखवायला सांगू शकतो.

नवी आरसी आली की काउंटर सोडण्याआधी ठशाचा कागद बाजूला धरून इंजिन नंबर एकेक आकडा वाचा. मग तीच आरसी घेऊन विमा कंपनीकडे जा आणि पॉलिसीवरही नंबर बदलून घ्या.